थेंबाथेंबाचा मान : प्रस्तावना

स्वीडनमधल्या कोणत्याही किराणा दुकानात, सॉसेज आणि हॅमच्या शेजारी, प्लास्टिकच्या वेष्टनात घट्ट गुंडाळलेला एक काळपट ठोकळा मिळतो. त्याला ब्लूदपुडिंग म्हणतात. डुकराचं रक्त, राय या धान्याचं पीठ, दूध किंवा सौम्य बिअर, कांदा, चरबी, थोडा गोड पाक आणि मोजके मसाले एवढाच त्याचा ऐवज. बोटभर जाडीचे काप करायचे, कडा कुरकुरीत होईपर्यंत लोण्यात परतायचे आणि लिंगोन नावाच्या आंबट लाल फळांच्या मुरंब्याबरोबर खायचे. स्वस्त आणि पोटभरीचं हे जेवण स्वीडनच्या कित्येक पिढ्यांनी घरी आणि शाळेत खाल्लं आहे. दुकानातला ठोकळा दहा मिनिटांत ताटात येतो. हे पुस्तक मात्र तोच पदार्थ मुळापासून, म्हणजे रक्ताच्या बाटलीपासून, घरी कसा करावा ते सांगण्यासाठी लिहिलं आहे.

विकत सहज मिळणारी वस्तू घरी करण्याचा खटाटोप कशासाठी, असं कोणी विचारलं तर माझं उत्तर चवीपासून सुरू होतं. घरच्या पुडिंगमध्ये कांद्याचा गोडवा कळतो, रायचा खरपूसपणा कळतो, मसाला आपल्या मनाजोगता घालता येतो. पण त्याहून मोठं कारण आहे. मांस खाणाऱ्याने कधी तरी अख्ख्या जनावराचा विचार करायला हवा. जीव घेतला, तर त्यातलं खाण्याजोगं काही वाया जाऊ देऊ नये, ही खाणाऱ्याची जबाबदारी आहे. ती बुद्धीला पटवून देणारे लेख पुष्कळ सापडतात. हाताला शिकवणारे पदार्थ थोडे. ब्लूदपुडिंग त्या थोड्यांमधलं आहे, आणि म्हणून ते शिकून घ्यावं असं मला मनापासून वाटतं.

जुन्या स्वीडिश पंचांगात ऑक्टोबरला स्लाक्टमोनाद, म्हणजे कत्तलीचा महिना, म्हणत. उन्हाळाभर रानात आणि शिवारात चरलेली सगळी जनावरं लांबलचक हिवाळ्यात पोसणं लहान शेतकऱ्याला परवडत नसे. चारा मोजका असे. थंडी पडू लागली की ठेवायची तेवढी जनावरं ठेवून बाकीची कापली जात, आणि घरचं डुक्कर नाताळच्या आधी. हवाच गार असल्यामुळे मांस टिकायला मदत होई. मग घरादाराला उसंत नसे. मांड्यांना मीठ चोळायचं, चरबी वितळवून भांड्यांत भरायची, आतडी धुऊन सॉसेजसाठी तयार ठेवायची, डोकं उकळून त्याचं थिजवलेलं मांस करायचं. या सगळ्या कामांना एक-दोन दिवस इकडे-तिकडे चालत. रक्ताला चालत नसे. ते काही मिनिटांत गोठू लागतं आणि थंड ठेवलं नाही तर लवकर नासतं. म्हणून कत्तलीच्या दिवसाचं पहिलं काम रक्ताचं.

एका डुकरापासून साधारण तीन-चार लिटर रक्त मिळतं. ते भांड्यात धरायचं काम बहुधा घरातल्या बाईकडे असे. भांड्यात रक्त पडू लागलं की ती काटक्यांच्या जुडीच्या रवीने ते ढवळत राही, पूर्ण गार होईपर्यंत. रक्त बाहेर आलं की त्यातल्या फायब्रिनोजेन या प्रथिनापासून फायब्रिनचे धागे तयार होतात आणि त्या जाळ्यात सगळं अडकून गुठळी होते. सतत ढवळलं की हे धागे रवीला गुंडाळले जातात, ते काढून टाकले की उरलेलं रक्त पातळ राहतं. प्रथिनांची ही नावं त्या बाईला माहीत नव्हती, पण हात थांबला तर काय होतं हे तिला पक्कं ठाऊक होतं. आज कत्तलखान्यात रक्त पोकळ सुरीने बंद नळीतून गोळा करतात, ते गोठू नये म्हणून त्यात सायट्रेट मिसळतात आणि गोठवलेल्या बाटल्या किंवा डबे दुकानात येतात. ढवळण्याचं कष्टाचं काम सुटलं. बाकीची निगराणी तेवढीच राहिली आहे, आणि या पुस्तकाचा बराचसा भाग त्या निगराणीचाच आहे.

आजचा स्वीडन पाहून तो देश एके काळी किती गरीब होता याची कल्पना येत नाही. 1867 ते 1869 या काळात उत्तर स्वीडनमध्ये दुष्काळ पडला तेव्हा लोकांनी झाडाच्या सालीचं पीठ मिसळून भाकरी केली. 1850 ते 1930 या काळात सुमारे 13 लाख स्वीडिश माणसं देश सोडून गेली, त्यातली बहुतेक अमेरिकेला. अशा घरांत रक्त वाया घालवणं परवडणारं नव्हतं. पण काटकसर म्हटली की आपल्याला नाइलाज आठवतो, आणि इथे नुसता नाइलाज दिसत नाही. ज्या घरात लवंग, सुंठ आणि ऑलस्पाइस हे परदेशातून येणारे महाग मसाले वर्षभर जपून वापरले जात, त्याच घरात ते रक्ताच्या पिठात घातले जात. साखरेचा पाकही घातला जाई. गरिबीतल्या माणसाने आपल्या डब्यातली सर्वांत चांगली वस्तू रक्ताला दिली, यावरून त्याने त्या पदार्थाला किती मान दिला होता ते कळतं.

रक्ताचा स्वयंपाक स्वीडनमध्ये एकाच रूपात नाही. उत्तरेकडच्या व्हेस्टरबॉटन आणि नॉरबॉटन भागांत पीठ आणि रक्त मळून पातळ भाकरी भाजतात आणि ती कडकडीत वाळवतात. ही पाल्टब्रोद महिनोन्महिने टिकते. खायच्या वेळी उकळत्या पाण्यात मऊ करून डुकराचं तळलेलं मांस आणि पांढऱ्या सॉसबरोबर वाढतात. रक्त घालून उकडलेल्या पिठाच्या गोळ्यांना ब्लूदपाल्ट म्हणतात. दक्षिणेला स्कोने प्रांतात 10 नोव्हेंबरच्या संध्याकाळी, संत मार्टिनच्या सणाला, हंसाच्या रक्ताचं दालचिनी-लवंग घातलेलं काळं सूप आणि भाजलेला हंस असा थाटाचा बेत असतो. सगळ्यांत उत्तरेचे सामी लोक रेनडियर पाळतात. त्यांच्याकडे रेनडियरच्या रक्ताचे पोळे आणि गोळे होतात. म्हणजे एकाच देशात रक्त गरिबाच्या वाळवलेल्या भाकरीत आहे आणि सणाच्या पंगतीतल्या चांदीच्या चमच्यातही आहे.

शेजारी देशांतही हीच परंपरा. फिनलंडमधल्या टाम्पेरे शहराचं काळं सॉसेज प्रसिद्ध आहे, एस्टोनियात नाताळच्या जेवणाला रक्ताचं सॉसेज लागतंच, आइसलंडमध्ये शरद ऋतूत मेंढ्यांच्या रक्ताचं पुडिंग पोटाच्या पिशवीत शिवून उकडतात. इंग्लंडमध्ये बरी या गावाचं, स्पेनमध्ये तांदूळ घातलेलं बुर्गोसचं. यांतल्या बहुतेकांना आतडं किंवा पोटाची पिशवी लागते. ती धुणं, भरणं, बांधणं आणि न फुटू देता उकडणं हे सरावाचं काम आहे. स्वीडिश पुडिंग पावाच्या लांबट साच्यात भाजलं जातं. त्याला एक साचा, एक ओव्हन आणि गरम पाण्याने भरलेला खोलगट ट्रे पुरतो. आजच्या लहान स्वयंपाकघरात रक्ताचा पहिला पदार्थ करून पाहायचा असेल, तर म्हणूनच मी याचंच नाव सुचवतो.

रक्त खाणं माणसाला जुनं आहे आणि त्याबद्दलचा वादही जुना आहे. होमरच्या ओडिसीत चरबी आणि रक्त भरून विस्तवावर ठेवलेल्या शेळीच्या पोटाचा उल्लेख येतो. बायबलच्या जुन्या करारात रक्ताला जीव मानून ते खायला मनाई केली आहे. ज्यू आणि मुस्लिम समाज आजही रक्त वर्ज्य मानतात. बायझंटाइन सम्राट सहावा लिओ याने तर रक्ताचे पदार्थ करण्या-खाण्यावर कायद्यानेच बंदी घातली होती. तरीही ख्रिस्ती युरोपातल्या शेतकऱ्यांनी रक्त सोडलं नाही. मला दोन्ही बाजूंबद्दल आदर आहे. रक्तात जीव आहे म्हणून ते खाऊ नये असं म्हणणारा, आणि रक्तात जीव आहे म्हणून ते मातीत सांडू नये असं म्हणणारा, दोघेही रक्ताला क्षुल्लक मानत नाहीत. क्षुल्लक मानतो तो विचार न करणारा, ज्याला ताटातला तुकडा कुठून आला हे कळायलाच नको असतं.

मराठी वाचकाला हे सगळं परकं वाटण्याचं कारण नाही. कोल्हापूरकडे रक्ती-मुंडी आवडीने खाल्ली जाते. गोव्याच्या ख्रिस्ती घरांत सणासुदीला होणाऱ्या सार्पोतेलमध्ये परंपरेने डुकराचं रक्त घालतात. मराठवाड्यातल्या दलित स्वयंपाकघरांत जनावराचा कोणताच भाग वाया जात नसे, रक्तही नाही. शाहू पाटोळे यांच्या 2015 मध्ये आलेल्या 'अन्न हे अपूर्णब्रह्म' या पुस्तकाने हे खाणं तपशिलाने आणि ताठ मानेने नोंदवलं. मात्र एक फरक डोळ्यांत भरतो आणि तो मला अस्वस्थ करतो. स्वीडनमध्ये रक्त खाणाऱ्याची जात त्यावरून ठरली नाही. शेतमजुराच्या घरातला पदार्थ सरकारी शाळेच्या जेवणात आला, त्यावर कोणी नाक मुरडलं तर ते चवीपुरतं. आपल्याकडे तोच जिन्नस, तीच काटकसर आणि तेच कसब असूनही करणाऱ्या हातांच्या वाट्याला हेटाळणी आली. पदार्थात कमीपणा नव्हता. तो पाहणाऱ्याच्या नजरेत होता. ब्लूदपुडिंगचं कौतुक करणाऱ्या मराठी माणसाने रक्तीचंही तितकंच कौतुक केलं पाहिजे, नाहीतर ते कौतुक खोटं आहे.

आता कृतीकडे वळतो. रक्तात सुमारे चार-पंचमांश पाणी असतं आणि उरलेल्यात बहुतांश प्रथिनं. उष्णता मिळाली की ही प्रथिनं साधारण 65 ते 75 अंश सेल्सिअसच्या दरम्यान घट्ट होतात. आपल्याकडे चीक वाफवला की खरवस जमतो, तसंच इथे घडतं. म्हणूनच घाई इथे चालत नाही. ओव्हनची कोरडी आच थेट लागली तर कडा रवाळ आणि जाळीदार होतात, आतून पाणी सुटतं. साचा गरम पाण्याच्या ट्रेमध्ये ठेवला की पाणी शंभर अंशांच्या वर जात नाही आणि पुडिंग सावकाश, एकसारखं जमतं. भाजताना रंग लाल राहत नाही, कारण हीमोग्लोबिनमधल्या लोहाचं रूप बदलतं. तपकिरी-काळा रंग हे पुडिंग शिजल्याचं लक्षण आहे. रक्ताचा हा जमण्याचा गुण अंड्यासारखाच आहे. कोपनहेगनच्या नॉर्डिक फूड लॅबने प्रयोग करून दाखवलं होतं की एका अंड्याच्या जागी साधारण 65 ग्रॅम रक्त वापरता येतं.

ढोबळ प्रमाण असं : अर्धा लिटर रक्त, दोन ते अडीच डेसिलिटर दूध किंवा स्वागद्रिका, साडेतीन-चार डेसिलिटर रायचं पीठ, एक कांदा, मूठभर बारीक चिरलेली चरबी, दोन मोठे चमचे पाक, दोन लहान चमचे मीठ. स्वागद्रिका हे स्वीडनचं जुनं, गडद, गोडसर माल्टचं पेय. त्यात अल्कोहोल नाममात्र असतं. मसाल्यात मरवा हवाच, तोच मरवा जो महाराष्ट्रात गजऱ्यात आणि वेणीत माळतात. स्वीडनमध्ये तो वाळवून स्वयंपाकात घालतात. सोबत ऑलस्पाइस, सुंठ आणि चिमूटभर लवंग. रक्त आधी गाळून घ्यायचं. कांदा चरबीत मऊ, सोनेरी होईपर्यंत परतून गार करायचा. गरम घातला तर त्याच्याभोवतीचं रक्त तिथेच जमतं. पीठ थोडं थोडं घालत, फेस न होऊ देता ढवळायचं आणि अर्धा तास झाकून ठेवायचं. साच्याला लोणी लावून पावाचा चुरा भुरभुरायचा, 175 अंशांवर पाण्याच्या ट्रेमध्ये तास-दीड तास भाजायचं. मध्यभागी काडी खुपसून ती कोरडी निघाली आणि आतलं तापमान 75 च्या वर गेलं की पुडिंग झालं. मग खरी कसोटी, ती थांबण्याची. रात्रभर फ्रिजमध्ये गार झाल्याशिवाय कापायचं नाही. गरम कापलं की त्याचा भुगा होतो.

रायचं पीठ बदलू नये असं माझं आग्रहाचं सांगणं आहे. राय थंड, हलक्या जमिनीत तग धरते, म्हणून ती उत्तरेची भाकरी झाली. तिच्यातले डिंकासारखे घटक भरपूर पाणी धरून ठेवतात, त्यामुळे पुडिंग ओलसर राहतं आणि तव्यावर त्याचे तुकडे पडत नाहीत. ज्वारी किंवा नाचणी घालून काही चविष्ट होईलही, पण ते वेगळं काही असेल, आणि त्याला त्याचं स्वतःचं नाव मिळायला हवं.

लिंगोनवाचून हे जेवण अपुरं आहे. लिंगोनची झुडपं पाइनच्या जंगलात जमिनीलगत वाढतात आणि त्यांची फळं शरद ऋतूच्या तोंडाशी लाल होतात. जंगलात जाऊन ती वेचण्याचा हक्क स्वीडनमध्ये सर्वांना आहे, जमीन कोणाचीही असो. सार्वजनिक वावराचा हा हक्क 1994 पासून राज्यघटनेतही नमूद आहे. या फळांत बेंझोइक आम्ल निसर्गतःच असतं, म्हणून ती न शिजवता नुसत्या साखरेत ढवळून ठेवली तरी टिकतात. पुडिंगचा जड, मसालेदार गोडवा आणि लिंगोनचा तुरटपणा यांची जोडी इतकी जुळलेली आहे की एकावाचून दुसरं ताटात एकटं पडतं. सोबत कच्च्या कोबीची बारीक कोशिंबीर किंवा किसलेलं गाजर असावं. कोबीतलं क जीवनसत्त्व रायमधलं लोह शरीरात शोषायला मदत करतं.

लोहाचा विषय निघालाच आहे तर तो पुरा करतो. रक्तातलं लोह हीम रूपात असतं आणि धान्य-भाज्यांतल्या लोहापेक्षा ते शरीराला सहज मिळतं. स्वीडनने 1940 च्या दशकापासून 1994 च्या अखेरपर्यंत गव्हाच्या पिठात लोह मिसळण्याचं धोरण ठेवलं होतं. लोहाच्या कमतरतेची काळजी त्या देशालाही होती. 1946 मध्ये तिथल्या संसदेने शाळेतल्या जेवणाला सरकारी अनुदान द्यायचं ठरवलं आणि पुढे मोफत गरम जेवण देशभर पोचलं. त्या जेवणात ब्लूदपुडिंग नेहमीचं झालं : स्वस्त, लोहयुक्त आणि मोठ्या प्रमाणावर करायला सोपं. काही मुलांचं ते लाडकं असतं, काही ताट बाजूला सारतात. ज्यांना धर्मामुळे किंवा मतामुळे ते चालत नाही त्यांच्यासाठी शाळा वेगळा पदार्थ देतात.

स्टॉकहोम, गोथेनबर्ग, लुंड अशा शहरांत आज मराठी कुटुंबं राहतात, त्यांची मुलं याच शाळांमध्ये जेवतात. शाळेच्या आठवड्याच्या यादीत ब्लूदपुडिंग हे नाव पाहून गोंधळलेले आईवडील डोळ्यांसमोर ठेवून मी हे पुस्तक मराठीत लिहिलं. मुलाने ते खावं की नाही, हे घराने ठरवावं. पण ठरवताना त्यात काय आहे, ते कसं होतं आणि त्या देशाला ते का प्रिय आहे, हे ठाऊक असावं. किळस येऊन नाकारलेलं अन्न आणि समजून उमजून नाकारलेलं अन्न यांत फार अंतर आहे. दुसऱ्या प्रकारच्या नकारात शेजाऱ्याचा अपमान होत नाही.

काही सूचना इथेच देतो, कारण त्या चुकवून चालणार नाहीत. रक्त फक्त परवानाधारक, पशुवैद्यकीय तपासणी होणाऱ्या कत्तलखान्याचंच घ्यावं. भारतात राहणाऱ्या वाचकांनी हा नियम विशेष काटेकोरपणे पाळावा, आणि अशी खात्री नसेल तर बेत सोडून द्यावा. गोठवलेलं रक्त फ्रिजमध्येच वितळू द्यावं आणि वितळल्यावर लगेच वापरावं. कच्चं मिश्रण चाखू नये. मिठाचा अंदाज घ्यायचा तर चमचाभर मिश्रण तव्यावर शिजवून घ्यावं. ज्यांच्या शरीरात लोह साठत जाण्याचा आजार, म्हणजे हीमोक्रोमॅटोसिस आहे, त्यांनी हा पदार्थ टाळावा.

पुस्तकाचे भाग या क्रमाने आहेत. पहिल्या भागात रक्ताची निवड, साठवण आणि स्वच्छता. दुसऱ्यात मूळ पुडिंग, पायरी-पायरीने, आणि प्रत्येक पायरीमागचं कारण. तिसऱ्यात त्याचे भाईबंद : पाल्टब्रोद, ब्लूदपाल्ट, रक्ताचे पोळे, काळं सूप. चौथ्यात लिंगोन, कोशिंबिरी आणि उरलेल्या कापांचा वापर. नवशिक्याने दुसऱ्या भागापासून सुरुवात केली तरी चालेल, पण पहिला भाग वाचल्याशिवाय रक्ताची बाटली उघडू नये.

पुडिंग जमलं की माणसं जेवायला बोलवावीशी वाटतील, आणि बोलवावीतच. मात्र पहिला घास घेण्याआधी त्यात काय आहे ते प्रत्येकाला स्पष्ट सांगावं. न सांगता खाऊ घालून मग गंमत करणं हा पाहुण्याचा विश्वासघात आहे आणि जनावराचाही अपमान. कोणी नको म्हटलं तर त्याच्यासाठी दुसरं काही तयार ठेवावं, आग्रह करू नये. जो हो म्हणेल तो माहीत असून खाईल, आणि ज्या पदार्थासाठी एक जीव गेला त्याला निदान इतका मान खाणाऱ्याकडून मिळायलाच हवा.